उजेडाची बेरीज

द्राक्षबाग लावताना ओळी दक्षिणोत्तर धरतात. सकाळचं ऊन पूर्वेच्या अंगाला लागावं, कलतं ऊन पश्चिमेच्या, आणि मांडवाखालची कुठलीच काडी दिवसभर सावलीत राहू नये, एवढाच त्यामागचा हिशेब. दिंडोरी तालुक्यात आखणीची दोरी ताणणाऱ्या माणसाला तो शिकवावा लागत नाही. पण दोरी दक्षिणोत्तर ताणली की ती संपते कुठे? ओळीच्या टोकाला उभं राहून पुढे बघत बसायची मला जुनी खोड आहे. वेली संपतात, बांध लागतो, बांधापलीकडे दुसऱ्याची बाग, आणि तिच्याही ओळी त्याच रोखाने निघालेल्या.

एकदा नकाशावर पट्टी ठेवून मी ही ओळ पुढे नेली. दिंडोरीचा रेखांश ७३ अंश ५० मिनिटं पूर्व. त्यावरून उत्तरेला निघालं की सप्तशृंगीचा गड जरासा उजव्या हाताला राहतो. सातमाळा ओलांडली की तापी, सातपुडा, नर्मदा. उदयपूरच्या अगदी जवळून ओळ अरवलीत शिरते, थरच्या वाळूतून पंजाबच्या गव्हात जाते, काश्मीरच्या पश्चिमेचे डोंगर चढून पामीरच्या पठारावर पोचते. मग मध्य आशियातले गवताचे माळ, सायबेरियात ओमस्क शहराचा परिसर, आणि शेवटी ओब नदीचं लांबलचक आखात. तिथेच कुठेतरी ती आर्क्टिक वृत्त ओलांडते आणि कारा समुद्रात उतरते. पुढे बर्फाळ पाणी, थेट उत्तर ध्रुवापर्यंत. आमच्या बांधापासून ध्रुव साधारण ७,७५० किलोमीटर.

दक्षिणेची वाट मला त्याहून आवडते. नाशिक शहर, मग पुणे, मग सह्याद्री उतरून पणजी. दिंडोरी आणि पणजी जवळपास एकाच रेखांशावर आहेत. पणजीच्या खालीच वास्को, आणि तिथे हेडलँड सडा नावाच्या टेकाडावर राष्ट्रीय ध्रुवीय व महासागर संशोधन केंद्र. भारताची ध्रुवांकडची सगळी तयारी तिथून चालते. वास्को सुटलं की नुसतं पाणी. फार खाली, ५३ अंश दक्षिणेला, हर्ड नावाचं निर्मनुष्य ज्वालामुखी बेट, बर्फाने झाकलेलं. त्यानंतर परत पाणी, आणि मग अंटार्क्टिकाचा किनारा: प्रिड्झ उपसागर. आमची ओळ जिथे त्या किनाऱ्याला टेकते तिथून पूर्वेला शंभरेक किलोमीटरवर लार्समन टेकड्यांमध्ये ‘भारती’ हे भारताचं संशोधन केंद्र २०१२ पासून उभं आहे. दिंडोरीतून नाकासमोर दक्षिणेला चालत गेलेला माणूस, पाण्यावरून चालता आलं तर, शेवटी आपल्याच माणसांच्या दारात पोचेल.

ही दोन्ही टोकं लहानपणी मला सारखीच वाटायची, दोन्हीकडे पांढरा रंग म्हणून. भूगोल मात्र अगदी उलटा आहे. उत्तरेला जमिनीने वेढलेला समुद्र, दक्षिणेला समुद्राने वेढलेली जमीन. उत्तर ध्रुवावर उभा राहिलेला माणूस दोन-तीन मीटर जाडीच्या तरंगत्या बर्फावर उभा असतो आणि त्याच्या पायाखाली चार किलोमीटर खोल पाणी असतं. बर्फ सरकता असतो, म्हणून तिथे रोवलेला झेंडा दुसऱ्या दिवशी ध्रुवावर नसतो. दक्षिण ध्रुव मात्र समुद्रसपाटीपासून २,८३५ मीटर उंच आहे, आणि त्या उंचीतला बहुतेक भाग बर्फाचाच थर आहे. १४ डिसेंबर १९११ रोजी आमुंडसेन तिथे पोचला तेव्हा तो एका गोठलेल्या पठारावर उभा होता. दक्षिणेची थंडी त्यामुळे उत्तरेपेक्षा कितीतरी क्रूर. तिथल्या व्होस्टोक केंद्रावर २१ जुलै १९८३ रोजी पारा उणे ८९.२ अंशांपर्यंत उतरला होता.

या टोकांच्या मध्ये, विषुववृत्तापासून वीस अंशांवर, आमचा उजेड मवाळ स्वभावाचा. जूनमधला सगळ्यांत मोठा दिवस साधारण १३ तास २० मिनिटांचा, डिसेंबरातला सगळ्यांत लहान १० तास ५५ मिनिटांचा. वर्षाची सगळी चढउतार अडीच तासांच्या आत. संक्रांतीला आई म्हणायची, आता दिवस तिळातिळाने वाढणार. हिशेब करून पाहिलं तर डिसेंबरातल्या लहानात लहान दिवसापासून संक्रांतीपर्यंत आमचा दिवस सात-आठ मिनिटांनीच वाढलेला असतो. रोजचे वीसेक सेकंद. तिळाचं माप चोख आहे.

मेच्या २१ तारखेच्या सुमारास भर दुपारी सूर्य अगदी डोक्यावर येतो आणि मांडवाच्या खांबाची सावली खांबाच्याच पायाशी नाहीशी होते. त्यानंतर दोन महिने दुपारचा सूर्य आमच्या उत्तरेला असतो आणि सावली दक्षिणेला पडते. जुलैच्या २२-२३ तारखेला तो पुन्हा डोक्यावरून जातो. पण तेव्हा आभाळ भरलेलं असतं, म्हणून त्याचं येणं कुणाला कळत नाही. रात्री ध्रुवतारा पाहायचा तर उत्तरेकडे हात लांब करून वीत ताणायची. करंगळी क्षितिजाला टेकवली की अंगठ्याच्या आसपास ध्रुव सापडतो. वीतभर म्हणजे वीसेक अंश, आणि जेवढा गावाचा अक्षांश तेवढाच तिथला ध्रुव वर. बांधावरून उत्तरेला चालू लागलं की दर १११ किलोमीटरला तो एक अंश चढतो. तो माथ्यावर आला की चालण्यासारखं पुढे काही उरत नाही. कुठेही पाऊल टाका, ते दक्षिणेलाच पडतं.

तिथे सूर्य उगवतो तो मार्चमध्ये आणि मावळतो सप्टेंबरात. मधले सहा महिने तो क्षितिजाला समांतर फेऱ्या घालत राहतो, रोज एक फेरी, जूनपर्यंत हळूहळू वर, मग हळूहळू खाली. सकाळ, दुपार, संध्याकाळ असे भाग त्या दिवसाला पडतच नाहीत. सूर्य बुडाला तरी उजेड लगेच जात नाही. पहिले दोन आठवडे दिव्याशिवाय वावरता येईल इतकं फटफटीत असतं, आणि आकाशातला शेवटचा संधिप्रकाश विझायला सात आठवडे लागतात. मग अकराएक आठवड्यांचा खरा काळोख. त्यातही चंद्र असतो, पण तोही तिथल्याच रीतीने वागतो. ऐन हिवाळ्यात तो शुद्ध अष्टमीच्या सुमारास उगवतो, पौर्णिमा अंगावर घेत फिरत राहतो आणि वद्य अष्टमीच्या सुमारास मावळतो. पंधरा दिवस अखंड चांदणं, पंधरा दिवस नुसत्या चांदण्या.

या साऱ्याचं कारण पृथ्वीचं साडेतेवीस अंशांनी कललेलं असणं. ती ताठ उभी असती तर दिंडोरीला आणि ओमस्कला बाराही महिने बारा तासांचा दिवस मिळाला असता, आणि ऋतू नावाचा प्रकारच उरला नसता. कललेली आहे म्हणून कधी उत्तर टोक उन्हात, कधी दक्षिण. पण या कलण्यात एक न्याय दडलेला आहे, आणि तो कळल्यापासून मला ध्रुवांविषयी वेगळीच जवळीक वाटते. वर्षभराची बेरीज केली तर पृथ्वीवरच्या प्रत्येक ठिकाणी सूर्य जवळपास सारखाच वेळ क्षितिजाच्या वर असतो: साधारण ४,४०० तास. शे-दीडशे तासांचा फरक पडतो, तो हवेने किरण वाकवल्यामुळे आणि पृथ्वी आपल्या कक्षेत कधी सावकाश तर कधी झपाट्याने जाते त्यामुळे. पण मूळ रक्कम एकच. विषुववृत्तावरच्या गावाला जेवढं, ध्रुवाला तेवढंच, दिंडोरीलाही तेवढंच. बेरीज सारखी, वाटप वेगळं.

हे मी नानांना, म्हणजे माझ्या चुलत्यांना, सांगितलं तेव्हा ते मांडवाच्या तारा ओढत होते. त्यांनी आधी विचारलं, “सूर्य मावळतच नाही तर मजुरांची सुट्टी कधी करायची?” मग थोडा वेळ तार ओढून म्हणाले, “म्हणजे टोमॅटोचा पैसा आणि द्राक्षाचा पैसा.” मला आणखी काही समजावण्याची गरज उरली नाही. टोमॅटोवाल्याच्या हाती दिवसाआड काहीतरी पडतं. द्राक्षवाल्याचा पैसा वर्षातून एकदा येतो, खुडा झाल्यावर, आणि बाकीचे महिने सोसायटीच्या कर्जावर आणि औषधाच्या दुकानातल्या उधारीवर काढायचे. सगळ्या तालुक्याला रोजचा उजेड मिळतो, पण घरं ध्रुवासारखी चालतात. एकदम आलेलं पुरवून पुरवून वापरायचं, आणि अंधारात असताना तारखा मोजायच्या.

ध्रुवावर न जाता ध्रुवाचा हिशेब मांडणं ही आमच्या भागाची जुनी विद्या आहे. दिंडोरीच्या पूर्वेला, जवळपास याच अक्षांशावर, चाळीसगावजवळचं पाटण. तिथल्या शिलालेखात भास्कराचार्यांचं नाव कोरलेलं आहे. त्यांचा नातू चांगदेव याने आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी तिथे मठ काढला होता. भास्कराचार्यांचा जन्म १११४ चा, आणि छत्तिसाव्या वर्षी, म्हणजे ११५० मध्ये, त्यांनी ‘सिद्धान्तशिरोमणी’ पुरा केला. त्यातल्या ‘गोलाध्याया’त त्यांनी विचारलं आहे की उत्तरेला जात राहिलं तर दिवसरात्रीचं काय होईल. सूर्याचं जास्तीत जास्त सरकणं त्या काळच्या रीतीप्रमाणे त्यांनी चोवीस अंश धरलं, म्हणून ६६ अंशांपुढे असा मुलूख येतो जिथे काही काळ सूर्य मावळत नाही आणि काही काळ उगवत नाही. इथवर कुणीही हुशार गणिती पोचला असता. ते त्यापुढे गेले. ६९ अंश २० कलांवर धनु आणि मकर या राशी कधीच दिसत नाहीत, म्हणजे सूर्य तिथे असतानाचे दोन महिने रात्रच. ७८ अंश १५ कलांवर वृश्चिकापासून कुंभापर्यंत चार राशी दिसत नाहीत. चार महिने रात्र.

हे आकडे मी नकाशावर ताडून पाहिले आणि बराच वेळ तसाच बसून राहिलो. स्वालबार बेटांवरचं लाँगयिरब्येन हे गाव ७८ अंश १३ मिनिटांवर आहे. भास्कराचार्यांच्या आकड्यापासून दोन मिनिटं इकडे, म्हणजे चार किलोमीटरसुद्धा नाही. तिथे सूर्य ऑक्टोबरच्या २६ तारखेच्या सुमारास बुडतो आणि फेब्रुवारीच्या मध्यावर उगवतो: साधारण चार महिने. आणि पहिला आकडा, ६९ अंश २०? दक्षिण गोलार्धात ‘भारती’ केंद्र ६९ अंश २४ मिनिटांवर आहे. तिथली रात्रही दोन महिन्यांच्या आसपासच. हवा किरण वाकवते हे त्यांच्या गणितात नव्हतं, पृथ्वीचा कल अर्ध्या अंशाने जास्त धरलेला होता, म्हणून इकडेतिकडे काही दिवसांची तफावत पडते. पण जिथे तेव्हा कोणी राहत नव्हतं, जिथलं वर्णन सांगायला कुणी आलेलं नव्हतं, त्या दोन ठिकाणांची रात्र सह्याद्रीच्या पायथ्याशी उभ्या केलेल्या बारा अंगुळांच्या शंकूवरून निघाली. विषुवदिनी मध्यान्ही त्या शंकूची सावली आमच्या अक्षांशावर साडेचार अंगुळांना जराशी कमी भरते. पलभा म्हणतात तिला. एवढ्याशा सावलीपासून चार महिन्यांच्या काळोखापर्यंत विचारांची एकच सरळ ओळ जाते.

ध्रुवाचा असा हिशेब मांडणारा दुसरा माणूस पुण्याचा. १८९८ मध्ये तुरुंगातून सुटून आल्यावर लोकमान्य टिळकांनी एका ग्रंथाचा पहिला खर्डा लिहिला. तो १९०३ मध्ये ‘द आर्क्टिक होम इन द वेदाज’ या नावाने प्रसिद्ध झाला. ऋग्वेदातली उषेची सूक्तं त्यांना अडवत होती. आमच्याकडची पहाट घटका-दोन घटकांत आटोपते. मग या ऋषींची पहाट इतकी लांबते कशी, इतक्या जणी ओळीने येतात कशा? तैत्तिरीय संहितेतल्या तीस उषा, देवांचा एक दिवस म्हणजे माणसांचं एक वर्ष ही जुनी गणना, हे सगळं जुळवून त्यांनी असा निष्कर्ष काढला की या कवींच्या पूर्वजांनी ध्रुवाजवळची पहाट पाहिली होती. भाषाशास्त्र आणि पुरातत्त्व आज तो निष्कर्ष मानत नाहीत, आणि तो मान्य व्हावा असा माझाही हट्ट नाही. मला त्यात दुसरंच काही दिसतं. राजकारणाच्या धकाधकीत सापडलेला माणूस रात्री दिव्याखाली बसून आठवडेच्या आठवडे चालणाऱ्या पहाटेचं वर्णन करतो, आणि ते वर्णन खगोलाच्या दृष्टीने बिनचूक असतं. आषाढीला देव झोपतात आणि दक्षिणायन ही देवांची रात्र, असं म्हणणाऱ्या घरांतून आपण आलो. ध्रुवाचा दिवस आपल्या पंचांगात आधीपासून होता; राहायला तिथे देव होते, एवढंच.

आमच्या वेलीला मात्र रात्र माहीत नाही. थंड देशांत दिवस आखडला, गारठा आला की द्राक्षवेल पानं टाकते आणि एप्रिलपर्यंत झोपते. दिंडोरीत तेवढी थंडी नाही, दिवसही तेवढा लहान होत नाही, त्यामुळे वेल बारा महिने हिरवी. तिला सोडून दिलं तर ती नुसती वाढेल. घड केव्हा धरायचे हे तिला कळणार नाही. म्हणून वर्ष आम्ही कात्रीने पाडतो. एप्रिलमध्ये खरड छाटणी: सगळी काडी खरडून वेल उघडी करायची. उन्हाळ्यात नवी काडी येते आणि तिच्या डोळ्यांत, नुसत्या नजरेला न दिसणारे, पुढच्या हंगामाचे सूक्ष्म घड तयार होतात. ऑक्टोबरात गोडी छाटणी, डोळ्यांना हायड्रोजन सायनामाइड लावून त्यांना एकदम जागं करणं, मग फूट, फुलोरा, विरळणी, आणि माघ-फाल्गुनात खुडा. सूर्य जे ऋतू देत नाही ते आम्ही हाताने घडवतो, म्हणून ही शेती इतकी खर्चाची आणि इतकी जागरणाची.

पण भावही सूर्यच देतो. आमचा खुडा चालू असतो तेव्हा युरोपातली प्रत्येक वेल निष्पर्ण उभी असते. रॉटरडॅम ५२ अंशांवर. तिथला डिसेंबरातला दिवस पावणेआठ तासांचा. तिथल्या माणसाला फेब्रुवारी-मार्चमध्ये ताजं द्राक्ष हवं असेल तर ते दक्षिण गोलार्धातून आणावं लागतं किंवा आमच्यासारख्या झोप न येणाऱ्या मुलखातून. मोहाडीच्या ‘सह्याद्री फार्म्स’सारख्या ठिकाणी पॅकहाउसमध्ये बायका पांढऱ्या टोप्या घालून पेट्या भरतात, आणि शीतकंटेनर न्हावा शेवाकडे निघतात. पृथ्वी जरा कमी कललेली असती तर रॉटरडॅमचा हिवाळा सौम्य झाला असता, आणि आमच्या पेटीचा भावही.

उजेडामागे स्वतःहून जाणारेही आहेत. हिवाळ्यात वाघाड, करंजवण, ओझरखेड या धरणांचं पाणी ओसरू लागलं की चिखलाच्या कडेने छोटे टिलवे पळताना दिसतात. वजन वीस-तीस ग्रॅम. मुठीत मावेल एवढा राखाडी जीव, सारखा टोचत, सारखा धावत. हे पक्षी घरटं घालतात ते सायबेरियाच्या आणि उत्तर युरोपच्या टुंड्रात, न मावळणाऱ्या सूर्याखाली. चोवीस तास उजेड म्हणजे चोवीस तास किडे, आणि पिलांना चरायला रात्रीची आडकाठी नाही. ऑगस्टपासून ते दक्षिणेला सुटतात. कादवा नदीचं पाणी दिंडोरीतून खाली जात जात नांदूरमध्यमेश्वरला गोदावरीला मिळतं, तिथे तर त्यांचे थवेच्या थवे उतरतात. तालुक्यात मध्यरात्रीचा सूर्य खरोखर पाहिलेलं कोणी असेल तर हे टिलवे. त्यांच्याहून लांबचा पल्ला आर्क्टिक सुरयाचा: एका ध्रुवाचा उन्हाळा संपला की दुसऱ्या ध्रुवाच्या उन्हाळ्याला. त्याच्याइतका दिवसाचा उजेड दुसऱ्या कुठल्याच प्राण्याच्या वाट्याला येत नाही. सर्वांना सारख्या मिळणाऱ्या रकमेवर वरकमाई करणारा तो एकटा.

माणसांना एवढी सोय नाही. ती जिथे असतात तिथेच थांबतात. लाँगयिरब्येनमध्ये फेब्रुवारीच्या मध्यावर सूर्य क्षितिजावर येतो, पण गाव डोंगराआड असल्याने उन्हाचा पहिला कवडसा गावात पडतो तो ८ मार्चच्या सुमारास. त्या दिवशी लोक मुलाबाळांसह जुन्या इस्पितळाच्या जागी राखून ठेवलेल्या पायऱ्यांपाशी जमतात आणि सूर्याला हाका मारतात. त्या दिवसांत तिथला दिवस रोज पंधरा मिनिटांहून जास्त वाढतो. तिळाच्या जागी तिथे काय वाटावं लागेल कोण जाणे. त्याच बेटांवर नी-ओलेसुंडला भारताचं ‘हिमाद्री’ केंद्र २००८ पासून आहे. पूर्वी ते हिवाळ्यात रिकामं असायचं. डिसेंबर २०२३ पासून आपले संशोधक ध्रुवीय रात्रीतही तिथे राहू लागले.

दक्षिणेला ही रात्र आपण त्याच्या कितीतरी आधी अनुभवली. १९८१ च्या डिसेंबरात पहिली मोहीम गोव्यातून निघाली. १९८३-८४ च्या तिसऱ्या मोहिमेने ‘दक्षिण गंगोत्री’ हे केंद्र उभारलं आणि त्या हिवाळ्यापासून माणसं अंटार्क्टिकात मुक्कामाला राहिली. त्याच मोहिमेत भूगर्भशास्त्रज्ञ सुदीप्ता सेनगुप्ता आणि सागरशास्त्रज्ञ अदिती पंत होत्या, अंटार्क्टिकावर गेलेल्या पहिल्या दोन भारतीय स्त्री-शास्त्रज्ञ. अदिती पंत औंधच्या. त्यांचे आजोबा भवानराव पंतप्रतिनिधी, ज्यांनी आपल्या संस्थानात आणि बाहेरही सूर्यनमस्काराचा ध्यास घेऊन प्रसार केला. आजोबांनी उगवत्या सूर्यासमोर हजारोंना वाकायला शिकवलं. नातीने दक्षिणेच्या उन्हाळ्यात असा सूर्य पाहिला जो उगवत नाही आणि मावळतही नाही, नुसता फिरत राहतो. तिथे नमस्कार कोणत्या वेळी घालायचा, हा प्रश्न औंधच्या घरात कुणी ना कुणी विचारला असेलच असं मला वाटतं.

दर वर्षी २१ जूनला ‘मैत्री’ आणि ‘भारती’ या आपल्या केंद्रांसह अंटार्क्टिकातल्या सगळ्या केंद्रांवर मध्यहिवाळ्याचा सण होतो. चांगलं जेवण, गाणी, एकमेकांना शुभेच्छांचे निरोप: काळोखाचा मध्य गाठला, आता उरलेला अर्धा. त्याच दिवशी ‘हिमाद्री’वर सूर्य चोवीस तास डोक्याभोवती फिरत असतो. आणि दिंडोरीत, वर्षातल्या सगळ्यांत मोठ्या, १३ तास २० मिनिटांच्या दिवशी, नाना बागेत उभे राहून ढगांना शिव्या देत असतात.

कारण बेरजेचा न्याय कागदावरचा आहे. ऐन जूनमध्ये ध्रुवाला दिवसभरात वरून मिळणारं ऊन दिंडोरीपेक्षा जास्त असतं. गणितात ते सिद्ध होतं. पण बर्फ त्यातलं बरंचसं तिथल्या तिथे परत पाठवतो, आणि थंडी तशीच राहते. आमच्याकडे बर्फ नाही, ढग आहेत. जून-जुलैत काडीच्या डोळ्यांत घड घडत असतात त्या नेमक्या दिवसांत आभाळ आठवडाआठवडा उघडत नाही. सूर्य वर असतोच, तास भरत असतात, काडीला मात्र ते पोचत नाहीत. मग ऑक्टोबरात छाटणी झाली, डोळा फुटला, की कुठे घडाच्या जागी नुसती बाळी निघते, कुठे निघालेला घड जिरून जातो. जूनमध्ये कमी पडलेला उजेड चार महिन्यांनी असा दिसतो, आणि तेव्हा त्यावर इलाज नसतो.

नानांना मी पुन्हा एकदा ते ४,४०० तास सांगून पाहिले. प्रत्येकाला सारखे, ठरलेले, पृथ्वी कुणाचेही बुडवत नाही. त्यांनी ऐकून घेतलं. गेल्या हंगामात खुडा उचलून व्यापारी पळाल्यामुळे त्यांच्या शेजाऱ्याचं पूर्ण वर्ष बुडालं होतं, तो हिशेब त्यांच्या मनात ताजा होता.

“भाव ठरला म्हणजे पैसा आला का?” ते म्हणाले, आणि शेंडा मारायला पुढच्या ओळीत शिरले.